विसंगती दिसली की ‘ड्रॅगन ब्रेक’? असं नसतं

‘एल्डर स्क्रोल्स’ या व्हिडिओ गेमच्या मालिकेच्या चाहत्यांमध्ये एक दावा सर्रास फिरतो: ड्रॅगन ब्रेक ही लेखकांची पळवाट आहे. दोन गोष्टी जुळल्या नाहीत की ‘काळ तुटला’ म्हणायचं आणि मोकळं व्हायचं. मग सगळंच खरं, आणि सगळंच खरं म्हटल्यावर कशालाच किंमत नाही. या विश्वातल्या सर्वांत देखण्या कल्पनेवर हा सरळ अन्याय आहे, म्हणून उत्तर द्यायलाच हवं.

हे खेळ घडतात त्या टॅम्रिएल खंडात काळाचा देव अकाटोश, आणि त्याचं रूप ड्रॅगनचं. कधीतरी काळाची सरळ रेघ मोडते, एकमेकींना खोडणाऱ्या घटना एकाच वेळी घडतात आणि मग काळ पुन्हा सांधला जातो. हा ड्रॅगन ब्रेक.

‘पळवाट’ या आरोपात थोडं तथ्य आहे, ते आधी मान्य करू. १९९६च्या ‘डॅगरफॉल’मध्ये न्यूमिडियम या पितळी महाकायाला चालवणारी टोटेम ही जादुई वस्तू कोणाला द्यायची, हे खेळाडू ठरवतो, आणि त्यानुसार शेवट बदलतो. पुढचे खेळ काढताना यातलं खरं काय धरायचं, हा प्रश्न होताच. पण एक शेवट अधिकृत ठरवून बाकीचे गुपचूप गाडून टाकणं कितीतरी सोपं होतं. लेखकांनी अवघड वाट धरली: ड्रॅगन ब्रेकमध्ये सगळे शेवट घडले, आणि त्यांची किंमत त्या जगाने मोजली. तिसऱ्या युगाच्या ४१७ साली अवघ्या दोन-तीन दिवसांत इलिआक आखातातली ४४ छोटी राज्यं नाहीशी झाली आणि चार उरली: डॅगरफॉल, सेंटिनेल, वेरेस्ट, ऑर्सिनियम. साम्राज्याने याला ‘शांततेचा चमत्कार’ असं गोंडस नाव दिलं. मृतांवर जादू करणाऱ्या, म्हणजे नेक्रोमॅन्सर, मॅनिमार्कोचं बघा. तो देव होऊन आकाशात नेक्रोमॅन्सरांचा चंद्र बनला, आणि ‘ऑब्लिव्हियन’मध्ये तोच मॅनिमार्को हाडामांसाचा माणूस म्हणून समोर उभा राहतो. पळवाट काढणारा लेखक स्वतःच्या गळ्यात असलं लोढणं कशाला बांधून घेईल?

‘कुठलीही विसंगती म्हणजे ड्रॅगन ब्रेक’, हे तर साफ चूक. १९९८मध्ये ‘रेडगार्ड’ खेळाबरोबर आलेल्या पुस्तिकेत साम्राज्याचा मध्यवर्ती प्रांत सिरोडील हे घनदाट जंगल होतं. २००६च्या ‘ऑब्लिव्हियन’मध्ये तिथे हिरवी कुरणं दिसतात. याचं स्पष्टीकरण खेळांतूनच मिळतं, तेही एकाहून अधिक: कोणी म्हणतं साम्राज्याचा संस्थापक टायबर सेप्टिम याने दैवी सामर्थ्याने भूमीच पालटली, कोणी म्हणतं जुन्या ग्रंथाची नक्कल करताना चूक झाली. काळ तुटण्याची गरजच पडत नाही. नेरेवार या प्राचीन सेनानायकाच्या मृत्यूचंही तसंच. ‘मॉरोविंड’ खेळात तिथल्या सत्ताधारी धर्मपीठाची, म्हणजे मंदिराची, कथा एक, अ‍ॅशलँडर या भटक्या टोळ्यांची दुसरी. तो मेला त्या रेड माउंटनपाशीही काळ तुटला होता असं मानणारे चाहते आहेत, पण मला ते पटत नाही. ज्यांची सत्ता त्या मृत्यूवर उभी आहे, ते खोटं बोलण्याची शक्यता आधी तपासायला नको का? प्रत्येक ठिकाणी ड्रॅगन ब्रेक लावला की लबाडाला लबाड म्हणायची सोयच राहत नाही.

‘प्रत्येक सेव्ह-लोड (खेळ जतन करून पुन्हा तिथूनच खेळणं) हा ड्रॅगन ब्रेकच’ हेही टिकत नाही. ड्रॅगन ब्रेकसाठी प्रचंड कारण लागतं: एकदा न्यूमिडियम, एकदा मारुखाती या कट्टर धर्मपंथाचा विधी. काळाला नुसतं खिंडार पडणंही पुरत नाही. ‘स्कायरिम’मध्ये एल्डर स्क्रोल या जादुई गुंडाळीच्या बळावर अल्डुइन या ड्रॅगनला पुढच्या काळात भिरकावलं जातं आणि तो चौथ्या युगाच्या २०१मध्ये अवतरतो. पण आधीचं आधी आणि नंतरचं नंतरच राहतं. त्याच्या पराभवाच्या दोन आवृत्त्या घडत नाहीत.

राहिली ‘सगळंच खरं’ ही गोष्ट. त्या मारुखाती विधीमुळे पहिल्या युगातली १००८ वर्षं विस्कटली, असं सांगतात. या काळाला मध्य-पहाट म्हणतात. ‘मॉरोविंड’मधल्या एका पुस्तकात मांजरासारख्या खाजीत वंशातला एक जण माणसांवर चिडून बोलतो: तुम्ही भुतांशी लढाया करत होतात, आपल्याच बापांना जन्म देत होतात; तेव्हा चंद्रांवर नजर ठेवून होता तो आमचा मेन (खाजीतांचा नेता), कारण ढळले नव्हते ते फक्त चंद्र. म्हणजे काळ तुटलेला असतानाही काहीतरी स्थिर होतं, आणि ते कोणाला दिसलं याला महत्त्व होतं. त्याच खेळात फाल ड्रून नावाचा विद्वान ठणकावून सांगतो की ही हजार वर्षं कालगणनेतल्या चुकीतून जन्मली, असं काही घडलंच नाही. ज्या घटनेबद्दल त्या जगातच इतका वाद आहे, ती सगळ्या प्रश्नांचं तयार उत्तर कशी होईल?

२०१८मध्ये मालिकेच्या सहाव्या भागाची घोषणा झाल्यापासून पुष्कळ जण गृहीत धरून बसलेत की स्कायरिमच्या यादवीत साम्राज्यही जिंकलं आणि त्याविरुद्ध लढणारे स्टॉर्मक्लोक बंडखोरही, ड्रॅगन ब्रेक झाला. पण त्या युद्धात न्यूमिडियम नाही, मारुखातींसारखा विधी नाही. आहेत ती दोन सैन्यं आणि काही किल्ले. त्यातली एकच बाजू जिंकलेली असणार, आणि कोणती ते लेखकांनी सांगायला हवं.