अकरा वेळा आमदार, पण मधले दोन पराभवही सांगा

गणपतराव देशमुखांवरचा लेख वाचून मन भरून आलं. सोलापूर जिल्ह्यातल्या सांगोल्यातून अकरा वेळा आमदार, हा आकडा लेखात ठळक आहेच. पण आबा, म्हणजे गणपतराव, 1972 ला आणि 1995 ला हरले होते, हेही यायला हवं होतं. हरल्यावर त्यांनी ना तालुका सोडला ना शेतकरी कामगार पक्षाचा (शेकाप) लाल बावटा. 1974 च्या पोटनिवडणुकीत आणि नंतर 1999 मध्ये त्याच लोकांनी त्यांना परत विधानसभेत पाठवलं. पक्षाची ताकद राज्यभर ओसरत असताना हे घडलं, म्हणून मला त्याचं जास्त मोल वाटतं.

दुसरं म्हणजे पाण्याचं. मंत्रिपद त्यांना दोनदा मिळालं, ते बाजूला ठेवू. आटपाडीच्या पाणी परिषदेत स्वातंत्र्यसैनिक नागनाथअण्णा नायकवडींच्या बरोबरीने ते कृष्णा खोऱ्यातल्या दुष्काळी तालुक्यांसाठी वर्षानुवर्षे उभे राहिले. आमच्या माणदेशात पाऊस म्हणजे आला तर आला. अशा भागात टेंभू, म्हैसाळ या उपसा सिंचन योजनांचं पाणी मागत राहायचं, सभागृहात तोच प्रश्न पुन्हा पुन्हा मांडायचा, याला फार चिकाटी लागते. डाळिंबाच्या बागा आणि सहकारी सूतगिरणी बघितली की आबांची आठवण येतेच.

2019 ला ते स्वतःहून निवडणुकीतून थांबले, 30 जुलै 2021 ला गेले. आमदार असूनही एसटीने फिरणारा माणूस, असं घरातली म्हातारी माणसं अजून सांगतात. लेखकाने त्यांच्या विधानसभेतल्या भाषणांवर वेगळं लिहावं, ही मनापासून विनंती.