‘ओबीएसची काळी स्क्रीन : सात रामबाण उपाय’ – यातला एकही उपाय डोळे झाकून करू नका

गेल्या महिन्याभरात हा मेसेज माझ्याकडे चार ग्रुपवरून फिरत आला. ओबीएस म्हणजे पडद्यावरचं चित्र रेकॉर्ड करणारा किंवा इंटरनेटवर थेट दाखवणारा फुकट प्रोग्रॅम. आमच्या भागातली पोरं गेम स्ट्रीम करायला, म्हणजे आपला खेळ थेट लोकांना दाखवायला लागली आणि कुठे अडली, की लॅपटॉप बगलेत मारून माझ्याकडे येतात. हल्ली येतात तेव्हा हा मेसेज आधीच करून आलेली असतात. थोडक्यात तो असा :

‘ओबीएसमध्ये गेम दिसत नाही, नुसतं काळं? एक : ओबीएस अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा आणि कम्पॅटिबिलिटीत विंडोज ७ निवडा. दोन : विंडोजच्या ग्राफिक्स सेटिंगमध्ये ओबीएसला हाय परफॉर्मन्स द्या. तीन : गेम कॅप्चर काढून डिस्प्ले कॅप्चर लावा, दोन्ही लावलेत तर उत्तम. चार : अँटिव्हायरस आणि अँटी-चीट बंद करा. पाच : बिटरेट वाढवा. सहा : ड्रायव्हर काढून परत टाका. सात : तरीही काळं असेल तर तुमचं ग्राफिक कार्ड कमी पडतंय, नवीन लॅपटॉप घ्या. शंभर टक्के गॅरंटी.’

गंमत म्हणजे यातल्या तीन-चार गोष्टी कधी ना कधी उपयोगी पडतात. पण ‘काळी स्क्रीन’ हा एक आजार नाही. चार वेगळ्या कारणांनी चौकोन काळाच दिसतो, आणि एकाचं औषध दुसऱ्याला बाधतं. मी क्रमाने जात नाही. आधी दोन आणि तीन एकत्र घेतो, कारण खरा घोळ तिथे आहे.

गेमिंग लॅपटॉपमध्ये बहुतेक वेळा दोन ग्राफिक चिप असतात. एक प्रोसेसरच्या पोटातली, लहान, बॅटरी वाचवणारी. दुसरी वेगळी, मोठी, जिच्यासाठी आपण पैसे मोजतो. गेम मोठीवर चालतो, पण लॅपटॉपच्या पडद्याची वायर बऱ्याच मॉडेलांत लहान चिपला जोडलेली असते. म्हणजे मोठं कार्ड चित्र काढतं आणि दाखवायला लहानीकडे सोपवतं.

आता ओबीएस चित्र कुठून उचलतं ते बघा. गेम कॅप्चर थेट गेमच्या प्रोसेसमध्ये शिरतं आणि गेम जिथे चित्र काढतो तिथूनच फ्रेम घेतं. म्हणून ओबीएसही मोठ्या कार्डावरच चालायला हवं. डिस्प्ले कॅप्चर अख्ख्या पडद्याचं चित्र उचलतं. त्याची जुनी पद्धत, म्हणजे पद्धतींच्या यादीत जिचं नाव डीएक्सजीआय डेस्कटॉप डुप्लिकेशन असं दिसतं ती, पडदा चालवणाऱ्या चिपकडून चित्र घेते. तिच्यासाठी ओबीएस लहान चिपवर लागतं. दोघांची गरज नेमकी उलट आहे.

मग मेसेज काय सांगतो? दोन नंबरला ओबीएस मोठ्या कार्डावर ढकला म्हणतो, आणि तीन नंबरला डिस्प्ले कॅप्चर लावा म्हणतो. दोन चिपच्या लॅपटॉपवर हे दोन्ही क्रमाने केलं आणि डिस्प्ले कॅप्चर जुन्या पद्धतीवर असलं, की काळी स्क्रीन यायलाच हवी. नसेल त्यालाही येईल!

मागच्या आठवड्यात एक बारावीचा मुलगा असाच आला. ‘दादा, सातही करून झाले, अजून काळंच आहे.’ सातवा अर्थात बाकी होता. त्याचे वडील त्यासाठी पाऊण लाख काढायच्या बेतात होते. मी त्याचा लॅपटॉप माझ्या मॉनिटरला एचडीएमआयने जोडला आणि डिस्प्ले कॅप्चरमध्ये दुसरा मॉनिटर निवडला. लख्ख चित्र आलं. परत लॅपटॉपचा पडदा निवडला, काळं. पोरगा माझ्याकडे जादूगाराकडे बघावं तसं बघायला लागला. जादू काही नव्हती. बऱ्याच लॅपटॉपमध्ये एचडीएमआयचं भोक थेट मोठ्या कार्डाला जोडलेलं असतं, आणि त्याचं ओबीएस तिथेच बसलेलं होतं. चित्र आणि ओबीएस एका चिपवर आले, काळोख गेला.

यावर उपाय आहे, आणि तो २०२१ पासून आहे. ओबीएस २७ मध्ये डिस्प्ले कॅप्चरच्या गुणधर्मांत कॅप्चरची पद्धत निवडायची सोय आली. तिथे ‘विंडोज १० (१९०३ आणि पुढे)’ अशा अर्थाचा पर्याय आहे (१९०३ हा विंडोजच्या आवृत्तीचा नंबर), तो निवडला की ओबीएस कोणत्या चिपवर आहे याने फरक पडत नाही. हाय परफॉर्मन्स, पॉवर सेव्हिंगची उलथापालथ करायची गरजच नाही. एक ओळीची गोष्ट. मेसेज लिहिणाऱ्याने ती यादी उघडून बघितलेली दिसत नाही.

पण थांबा. डिस्प्ले कॅप्चर त्या मुलाने लावलंच का होतं? कारण त्याआधी गेम कॅप्चर काळं होतं, आणि त्याचं कारण चिपशी संबंधितच नव्हतं. तो काउंटर-स्ट्राइक २ हा नेमबाजीचा गेम खेळतो. तो बनवणाऱ्या व्हॉल्व कंपनीने २०२० मध्ये जुन्या काउंटर-स्ट्राइकमध्ये ट्रस्टेड मोड आणला. बाहेरच्या प्रोग्रॅमने गेमच्या पोटात शिरायचं नाही, हा त्याचा उद्देश. चीट करणारे असेच शिरतात. ओबीएसचं गेम कॅप्चरही असंच शिरतं, म्हणून तेही दारातच अडतं. नव्या गेममध्येही तेच आहे. ओबीएसच्या अलीकडच्या आवृत्त्या गेम कॅप्चरच्या खिडकीत याची सूचनाही दाखवतात, पण ती वाचतो कोण! स्टीम या व्हॉल्वच्या गेमच्या दुकानात, गेमच्या लाँच ऑप्शन्समध्ये ‘अलाऊ थर्ड पार्टी सॉफ्टवेअर’ हे इंग्रजीत, सुरुवातीला एक डॅश आणि शब्दांच्या मध्ये अंडरस्कोर देऊन लिहिलं की दार उघडतं. मात्र असं दार उघडं ठेवून खेळलात तर ट्रस्ट स्कोअरवर, म्हणजे खेळाडू किती भरवशाचा या गुणांवर, परिणाम होऊ शकतो, हे व्हॉल्वने तेव्हाच सांगून ठेवलं होतं. रँकसाठी जीव टाकणाऱ्या पोराला मी ते सुचवत नाही. गेम ‘फुलस्क्रीन विंडोड’ करायचा, एकाच खिडकीचं चित्र घेणारं विंडो कॅप्चर लावायचं आणि त्यातही तीच १९०३ वाली पद्धत निवडायची. गेमच्या पोटात कुणी शिरत नाही, चित्र येतं. त्याला हेच करून दिलं.

थोडक्यात, त्याचा पहिला काळोख ट्रस्टेड मोडचा होता आणि दुसरा या मेसेजने आणून दिलेला. आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी, आणि बंबातही पाण्याऐवजी रॉकेल.

‘दोन्ही लावलेत तर उत्तम’ या वाक्यावर तर मला कपाळाला हात लावावासा वाटतो. गेम कॅप्चर आणि डिस्प्ले कॅप्चर एकाच सीनमध्ये, म्हणजे स्ट्रीमच्या एकाच मांडणीत, ठेवले की ते एकमेकांच्या पायात पाय घालतात. ओबीएसमध्ये हेल्पखाली लॉग फाइल, म्हणजे त्याने काय काय केलं याची नोंद, वर पाठवून तपासून घ्यायची सोय आहे. ती तपासणी हे दोन स्रोत एका सीनमध्ये दिसले की स्वतःहून इशारा देते. दोन्ही हवेच असतील तर दोन सीन करा.

आणि डिस्प्ले कॅप्चरची आणखी एक बाजू, जी कुठल्याही रामबाण यादीत नसते. ते पडद्यावरचं सगळं दाखवतं. फोन लॅपटॉपला जोडून मेसेज तिथेच वाचायची सवय असेल, तर बँकेचा ओटीपी कोपऱ्यात टुणकन उगवतो आणि स्ट्रीमवरही उगवतो. त्या मुलाच्या जुन्या रेकॉर्डिंगमध्ये ओटीपी नव्हता, पण आईचा ‘दूध आणलंस का रे, तीनदा विचारलं’ हा मेसेज ऐन राउंडमध्ये झळकलेला होता. ते तरी परवडलं.

आता पहिला मुद्दा. अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवण्यात तथ्य आहे. गेम स्वतः अ‍ॅडमिन हक्काने चालत असेल तर साध्या हक्काने चालणाऱ्या ओबीएसला त्यात शिरता येत नाही, तिथे हा उपाय लागू पडतो. शिवाय ओबीएस असं चालवलं की विंडोज त्याला ग्राफिक कार्डावर थोडा अग्रक्रम देते, त्याने अडखळणारी स्ट्रीम सुधारू शकते. पण त्याच्या शेपटीला बांधलेलं ‘विंडोज ७ निवडा’ हे निव्वळ बूमरँग आहे. २०२२ च्या ऑगस्टअखेर आलेल्या ओबीएस २८ ने विंडोज ७ आणि ८ चा आधारच काढून टाकला. जो प्रोग्रॅम त्या विंडोजवर चालायलाच बनवलेला नाही, त्याला तू तिथेच आहेस असं सांगून काय मिळणार? वर ज्या नव्या पद्धतीचं कौतुक केलं ती विंडोज १० चीच देणगी आहे. कम्पॅटिबिलिटीच्या टॅबमध्ये खूण असेल तर काढा.

चौथा मुद्दा मात्र धोक्याचा आहे. गेम कॅप्चर दुसऱ्या प्रोसेसमध्ये आपली फाइल घुसवतं, त्यामुळे एखादा अँटिव्हायरस त्याच्यावर गुरगुरतो, हे खरं. पण मग ओबीएसचा फोल्डर तेवढा अपवादात टाका. अख्खा अँटिव्हायरस बंद करून ठेवायचा, आणि त्याच मशीनवर कुठूनतरी आणलेले ‘फ्री ओव्हरले पॅक’ (स्ट्रीमवर चढवायच्या चौकटी आणि नक्षी) उघडायचे? जानेवारी २०२३ मध्ये गुगलच्या शोधात वर दिसणाऱ्या जाहिरातीवरून एकाने बनावट ओबीएस उतरवलं आणि त्याचं क्रिप्टोचं पाकीट, त्याची खाती, सगळं लुटलं गेलं. ओबीएस प्रोजेक्टच्या स्वतःच्या साइटवरून किंवा स्टीमवरून ते फुकटच मिळतं. आणि अँटी-चीट बंद करा म्हणे! अँटी-चीट म्हणजे गेममध्ये चीट करणाऱ्यांना अडवणारा पहारेकरी. व्हॅलोरंट या गेमचा असा पहारेकरी व्हॅनगार्ड बंद केलात तर गेमच सुरू होत नाही, परत खेळायला मशीन रीस्टार्ट करावं लागतं. गेम नाही तर काळी स्क्रीनही नाही, या अर्थाने उपाय बिनतोड आहे.

पाचवा, बिटरेट, म्हणजे दर सेकंदाला किती डेटा पाठवायचा तो आकडा. चित्र आधी पकडलं जातं, मग सीनमध्ये मांडलं जातं, मग एन्कोड होतं म्हणजे पाठवण्यासाठी दाबून लहान केलं जातं, मग इंटरनेटवरून जातं. बिटरेटचा संबंध शेवटच्या दोन पायऱ्यांशी. पकडलंच काळं असेल तर जास्त बिटरेटने जास्त स्वच्छ काळं जाईल, एवढंच. वर ट्विचसारख्या ठिकाणी साधारण ६००० केबीपीएसच्या पुढे जाऊ नये असा सल्ला असतो. घरच्या ब्रॉडबँडचा अपलोड झेपत नसताना आकडा फुगवला की फ्रेम गळायला लागतात आणि मूळ दुखण्यात नव्याची भर.

ड्रायव्हरबद्दल फार काही म्हणायचं नाही. नवा ड्रायव्हर टाकल्यावर मशीन रीस्टार्ट न करणं हे ड्रायव्हर बिघडण्याहून जास्त वेळा आढळतं.

मध्येच एक, कारण हमखास विचारलं जातं : गेम नीट दिसतो पण ब्राउझरमधला ओटीटीवरचा सिनेमा काळा दिसतो. तो बिघाड नाही. तिथलं चित्र मुद्दाम संरक्षित केलेलं असतं, ते कॅप्चर होऊ नये म्हणूनच. त्यामागे रात्र घालवू नका. पण सिनेमाच काय, अख्खी ब्राउझरची खिडकीच काळी असेल, तर विंडो कॅप्चर जुन्या बिटब्लिट पद्धतीवर अडकलंय, पद्धत बदला.

राहिला सातवा, सगळ्यात महाग. कार्ड कमी पडलं की स्क्रीन काळी होत नाही, अडखळते. ते ओबीएसच्या स्टॅट्समध्ये आकड्यांत दिसतं. तिथे तीन वेगळ्या ओळी असतात. रेंडरिंग लॅगमुळे हुकलेल्या फ्रेम म्हणजे ग्राफिक कार्डाला श्वास घ्यायला जागा नाही. एन्कोडिंग लॅगमुळे वगळलेल्या म्हणजे एन्कोडर मागे पडतोय. नेटवर्कमुळे गळालेल्या म्हणजे लाइन किंवा बिटरेट. पहिली ओळ वाढत असेल तर गेमच्या सेटिंगमध्ये फ्रेमरेटला लगाम घाला. गेम दोनशे फ्रेम काढत कार्ड नव्व्याण्णव टक्क्यांवर नेऊन ठेवतो आणि ओबीएसला सीन मांडायला उरतं काय? एनव्हेंक, म्हणजे एनव्हिडियाच्या कार्डातला एन्कोडर, वापरलं तरी हे टळत नाही, कारण एन्कोडिंगची चिप वेगळी असली तरी सीन मांडायचं काम त्याच कार्डावर होतं.

त्या मुलाच्या वडिलांना मी हे तीन आकडे पडद्यावर दाखवले. अर्धा तास गेम चालवून रेंडरिंगची ओळ एक टक्क्याच्याही खाली होती. ते म्हणाले, ‘म्हणजे लॅपटॉप चांगला आहे?’ चांगलाच आहे. पोरगा मान खाली घालून हसत होता, कारण नव्या लॅपटॉपची स्वप्नं त्याचीही रंगून झाली होती.

लॉग मात्र त्याच्याकडून दोनदा उघडून घेतला. हेल्प, लॉग फाइल्स, चालू लॉग. सुरुवातीला दोन्ही चिपची नावं आणि ओबीएस कुठली वापरतंय ते लिहिलेलं असतं. खाली गेम कॅप्चरच्या ओळीत ‘शेअर्ड टेक्स्चर कॅप्चर सक्सेसफुल’ असं आलं तर पकड बसली. गेमला हुक करायचा, म्हणजे त्याच्यात शिरायचा, नुसता प्रयत्न दिसतो आणि पुढे हे वाक्यच नाही, तर कुणीतरी दार लावलंय. मग गेमच्या नियमांकडे, हक्कांकडे किंवा गेमवर आपलं काहीतरी दाखवायला मध्ये घुसलेल्या दुसऱ्या प्रोग्रॅमकडे बघायचं. एवढ्या दोन ओळी वाचायला त्याला तीन मिनिटं लागली.

त्याच रात्री त्याने स्ट्रीम लावली. सात जण बघत होते. त्यातला एक मी, आणि एक माझाच दुसरा फोन.