होतकरू राजद्रोह्यास अनाहूत सल्ला

ट्यूडर राजघराण्याच्या काळातल्या, म्हणजे सोळाव्या शतकातल्या, इंग्लंडात तुम्ही उमराव म्हणून जन्माला आला असाल, तर आधी अभिनंदन. नातवंडांच्या गोतावळ्यात खोकत खोकत मरण्याचा रटाळ प्रकार तुमच्या नशिबी असेलच असं नाही. तुमच्यासाठी लंडनच्या टॉवर हिलवर लाकडी मंच बांधला जाईल, गर्दी जमेल, तुम्हाला भाषण करायला मिळेल आणि मग कुऱ्हाड पडेल. राजद्रोहाची शिक्षा सामान्य माणसाला झाली तर त्याला आधी अर्धवट फाशी देतात, मग जिवंतपणीच पोट फाडतात आणि शेवटी देहाचे चार तुकडे करतात. तुम्हाला राजकृपेनं नुसती कुऱ्हाड. खानदानी असण्याचे असे फायदे असतात.

त्यासाठी बंडच केलं पाहिजे, हा गैरसमज काढून टाका. १३५२ च्या कायद्यानुसार राजाच्या मरणाची कल्पना मनात आणणं हाच राजद्रोह आहे. त्यामुळे आळशी माणसालाही भरपूर वाव आहे. बकिंगहॅमचा ड्यूक एडवर्ड स्टॅफर्ड याचंच बघा. तिसऱ्या एडवर्डचं रक्त, अफाट जहागीर, थॉर्नबरीला वाड्याचं बांधकाम चाललेलं. आठव्या हेन्रीला मुलगा नव्हता, म्हणजे ड्यूकचा जन्म हाच अर्धा गुन्हा होता. उरलेला अर्धा त्यानं एका मठवासी साधूचं भविष्य ऐकून पुरा केला. साधू म्हणाला, तुम्ही राजे व्हाल. ड्यूकनं ऐकून घेतलं. एवढं पुरलं. साक्ष द्यायला त्याचीच माणसं आली, आणि त्यांत नोकरीवरून काढलेला त्याचा कारभारी आघाडीवर होता. १७ मे १५२१ ला ड्यूक संपला. तेव्हा साधू, ज्योतिषी, भविष्यवेत्ते यांना वाड्यावर अवश्य बोलवत जा, आणि ते बोलत असताना दार उघडं ठेवा. घरातल्या जुन्या माणसांना भर दिवाणखान्यात अपमान करून हाकलत जा. ती पुढे कामाला येतात.

भविष्याची आवड नसेल तर चित्रकाराला बोलवा. सरेचा अर्ल हेन्री हॉवर्ड हा कवी माणूस, नॉरफोकच्या ड्यूकचा थोरला मुलगा. त्यानं आपल्या ढालीवरच्या घराण्याच्या चिन्हांत ‘एडवर्ड द कन्फेसर’ या जुन्या राजाची चिन्हं घातली. कोणाला मारलं नाही, कुठे सैन्य उभं केलं नाही. पण आठवा हेन्री मरणाच्या दारात, गादीचा वारस नऊ वर्षांचा. अशा वेळी कुणी राजाची चिन्हं अंगावर मिरवू लागलं, तर त्याच्या मनात काय आहे हे विचारत बसायची गरज उरत नाही. सख्ख्या बहिणीनंही विरोधात जबानी दिली. १९ जानेवारी १५४७ ला अर्लचं डोकं उडालं. त्याच्या बापाचा, तिसऱ्या ड्यूकचा, नंबर २८ जानेवारीला लागला होता, पण त्या दिवशी पहाटेच राजा वारला आणि म्हातारा वाचला. या म्हाताऱ्यानं आपली भाची ॲन बोलिनच्या खटल्यात न्यायाधीशांच्या प्रमुखपदी बसून स्वतःच्या तोंडानं मृत्युदंड सुनावला होता. नातीगोती जपणारं घराणं होतं.

आता धर्माकडे वळू. इथं माझा सल्ला अगदी साधा आहे: एक श्रद्धा पक्की धरा आणि मरेपर्यंत सोडू नका. सोडली नाहीत, तर ते मरेपर्यंत फार लांब नसतं. १५३४ साली संसदेनं हेन्रीला इंग्लंडच्या चर्चचा सर्वोच्च प्रमुख ठरवलं, आणि त्याच वर्षीच्या दुसऱ्या कायद्यानं ही पदवी नुसत्या शब्दानंही नाकारणं राजद्रोहात घातलं. थॉमस मोर वकील होता, म्हणून तो बोललाच नाही. मौन म्हणजे संमती, असं कायदा मानतो, हा त्याचा बचाव. त्यावर रिचर्ड रिच नावाच्या सरकारी वकिलानं शपथेवर सांगितलं की, माझ्याशी खासगीत बोलताना हा बोलला होता. ६ जुलै १५३५ ला मोरला मारलं.

आणि पोपच्या बाजूचेच मरतात, प्रोटेस्टंट सुखात असतात, असं समजून उडी माराल तर तेही चुकेल. ३० जुलै १५४० ला स्मिथफील्डला सहा जणांना एकदमच नेलं. तीन प्रोटेस्टंट, पाखंडी म्हणून जाळले. तीन कॅथलिक, पोपला मानतात म्हणून राजद्रोही ठरवून फासावर चढवले. फरफटत नेताना एकेका फळीवर एक या पंथाचा आणि एक त्या पंथाचा बांधला होता. हेन्रीच्या दरबारात पक्षपात चालत नसे. पुढे त्याची मुलं एकामागून एक गादीवर आली: एडवर्ड प्रोटेस्टंट, मेरी कॅथलिक, एलिझाबेथ पुन्हा प्रोटेस्टंट. एका माणसाच्या हयातीत देव तोच राहिला आणि प्रार्थनेची पुस्तकं मात्र भराभर बदलत गेली. नॉर्थम्बरलंडचा ड्यूक जॉन डडली यानं १५५३ साली लेडी जेन ग्रेला गादीवर बसवायचा खेळ केला, तो फसला, तेव्हा मेरी राणीला खूश करायला तो चक्क कॅथलिक झाला. धर्मही गेला आणि २२ ऑगस्टला मानही गेली. डोकं वाचवण्यासाठी पंथ बदलायचाच असेल, तर तो पकडले जाण्याआधी बदलायचा असतो, हे एवढ्या मोठ्या मुत्सद्द्याला कुणी सांगितलं नसावं.

शहाण्या कॅथलिकांनी बोट पकडली. विल्टशायरचा थॉमस स्टीफन्स हा त्यांतला एक. त्याचा मित्र थॉमस पाउंड राणीच्या दरबारातला माणूस. धर्म सोडेना, म्हणून या तुरुंगातून त्या तुरुंगात त्याची जवळजवळ तीस वर्षं गेली. स्टीफन्स रोमला जाऊन जेझुइट पंथाचा पाद्री झाला, १५७९ साली गोव्याला पोचला आणि सासष्टीत बसून मराठीत अकरा हजारांच्या आसपास ओव्या लिहिल्या, ‘ख्रिस्तपुराण’ म्हणून. एलिझाबेथच्या हेरखात्याचे मराठी साहित्यावर उपकार आहेत, ते आपण पुरेसे मानत नाही. पण ओव्या लिहिण्यात तुम्हाला रस नाही. तुम्हाला ड्यूक व्हायचंय.

तर मग आदर्श एकच: थॉमस हॉवर्ड, नॉरफोकचा चौथा ड्यूक. वर सांगितलेल्या ढालवाल्या कवीचा मुलगा. बाप गेला तेव्हा हा आठेक वर्षांचा होता, म्हणजे ढालीच्या रंगकामाची किंमत किती पडते याची त्याला घरातच माहिती होती. एलिझाबेथच्या राज्यातला हा एकमेव ड्यूक. वर प्रोटेस्टंट, त्याला लहानपणी शिकवायला जॉन फॉक्स होता, मेरीच्या काळात जाळलेल्या प्रोटेस्टंटांच्या कहाण्या लिहिणारा. यशासाठी लागणारं सगळं जवळ. अशा माणसानं काय करावं?

१५६८ साली स्कॉटलंडची पदच्युत राणी मेरी पळून इंग्लंडात आली. (हेन्रीची मुलगी मेरी वेगळी; ही कॅथलिक, आणि एलिझाबेथच्या गादीची दावेदार.) नवऱ्याच्या खुनात तिचा हात होता का, याची चौकशी करायला एलिझाबेथनं यॉर्कला मंडळ नेमलं आणि नॉरफोक त्याचा प्रमुख. चौकशीच्या कागदांनी तो हादरला. आणि त्याच सुमारास या बाईशी आपणच लग्न केलं तर, हा विचार त्याच्या डोक्यात बसला. तीन बायका वारलेल्या, चौथीसाठी स्थळ शोधताना माणूस फार चिकित्सा करत नाही. राणीनं विचारलं, तेव्हा त्यानं साफ कानांवर हात ठेवले: जिच्या शेजारी उशीवर डोकं ठेवून झोपायची भीती वाटेल, अशा बाईशी मी कशाला लग्न करू? पुढे १५६९ च्या उन्हाळ्यात एलिझाबेथनं त्याला जेवणाच्या टेबलावर बसवलं आणि चिमटा काढून सांगितलं, उशीकडे नीट लक्ष ठेवा. इतकी स्पष्ट सूचना इतिहासात फार थोड्या राजद्रोह्यांना मिळाली असेल. ती कानाआड करायला अंगी विशेष तयारी लागते.

याच वेळी उत्तरेत नॉर्थम्बरलंड आणि वेस्टमोरलंड हे दोन कॅथलिक अर्ल बंडाच्या बेतात होते. ते नॉरफोकच्या भरवशावर, आणि नॉरफोक घाबरून न विचारता दरबार सोडून आपल्या गावी निघून गेलेला. तिथून त्यानं अर्लना निरोप धाडला: आता उठू नका, माझं डोकं जाईल. अर्लही तळ्यात-मळ्यात. वेस्टमोरलंडची बायको, म्हणजे ड्यूकची सख्खी बहीणच, तिनं सगळ्यांची खरडपट्टी काढली की, एवढं बोलून आता बिळं शोधता, तोंड दाखवायला जागा नाही राहिली. टॉपक्लिफला रात्री चर्चच्या घंटा वाजल्या, नॉर्थम्बरलंडला वाटलं आपल्याला पकडायला आले, आणि तो अंथरुणातून उठून पळाला. अशा रीतीनं बंड सुरू झालं. १४ नोव्हेंबरला डरहॅमच्या कॅथेड्रलमध्ये इंग्रजी बायबल फाडून लॅटिन प्रार्थना म्हटली गेली, आणि डिसेंबर संपायच्या आत दोघं अर्ल सरहद्द ओलांडून स्कॉटलंडात होते. मागे राहिलेले शेकडो गावकरी फासावर गेले. पोपनं एलिझाबेथला धर्मबहिष्कृत करून तिच्या प्रजेला राजनिष्ठेतून मोकळं केलं ते फेब्रुवारी १५७० मध्ये. वरात आली तेव्हा मांडव उतरवून झाला होता. नॉर्थम्बरलंडला पुढे स्कॉट लोकांनी दोन हजार पौंडांना परत विकलं आणि १५७२ साली यॉर्कला त्याचा शिरच्छेद झाला. पाहुणचाराचा एवढा रोख हिशोब क्वचितच होतो.

नॉरफोक मात्र टॉवरमध्ये, म्हणजे राजकैद्यांना ठेवायच्या लंडनच्या किल्ल्यात, दहा महिने राहून सुटला. मेरीशी यापुढे कसलाही संबंध ठेवणार नाही, असं लेखी देऊन. तुमच्यासारख्या होतकरू माणसानं इथंच थांबून त्याची थोरवी ओळखली पाहिजे, कारण लगेच पुढच्याच वर्षी तो फ्लॉरेन्सच्या रॉबर्टो रिडॉल्फी या सावकाराच्या नादी लागला. बेत असा: अल्बाचा ड्यूक नेदरलँड्समधून स्पॅनिश फौज पाठवणार, इथं कॅथलिक उठणार, एलिझाबेथ जाणार, मेरी येणार, मेरीशी लग्न. अल्बाला रिडॉल्फी बडबड्या वाटला आणि त्यानं फौज जागची हलवली नाही. बडबड्याला दुरूनच ओळखणारा तो या मसलतीतला एकटाच.

कारस्थान करताना निरोप्या काळजीपूर्वक निवडा, म्हणजे ज्याला काही माहीत नाही असा. स्कॉटलंडातल्या मेरीच्या पक्षाला पैसे पाठवायचे होते. ड्यूकच्या चिटणिसांनी श्रूसबरीच्या एका कापडवाल्याच्या हाती थैली दिली आणि सांगितलं, आत थोडी चांदीची नाणी आहेत. कापडवाला म्हणजे आयुष्यभर माप आणि वजन यांत गेलेला माणूस. थैली हातात घेताच त्याला कळलं की चांदी एवढी जड नसते. उघडली, तर आत सहाशे पौंडांचं सोनं आणि सांकेतिक लिपीतली पत्रं. थैली थेट राणीचा मंत्री विल्यम सेसिल याच्या टेबलावर गेली. मग ड्यूकच्या वाड्याची झडती. जाळून टाक म्हणून सांगितलेलं पत्र चिटणिसानं शयनगृहाबाहेरच्या चटईखाली ठेवलेलं होतं, आणि लिपीची किल्ली छपराच्या कौलांखाली. तुम्हीही पत्रं स्वतः जाळू नका. ते हलक्या माणसांचं काम आहे. चिटणिसाला सांगा आणि झोपायला जा. रिडॉल्फी तोवर परदेशात होता. तो पुढे फ्लॉरेन्समध्ये चाळीस वर्षं जगला.

एक प्रगत पद्धतही आहे, पण ती तरुणांसाठी. १५८६ साली चोवीस वर्षांच्या अँथनी बॅबिंग्टननं एलिझाबेथला मारायच्या बेताचा सविस्तर आराखडा चक्क पत्रात लिहून कैदेतल्या मेरीला पाठवला. पत्रं बिअरच्या पिंपातून चार्टलीच्या गढीत जात-येत होती. ही टपालसेवा सुरू करून देणारा माणूस राणीचा हेरप्रमुख वॉल्सिंगहॅम याचाच होता, हे कट करणाऱ्यांना कळवण्याचं राहून गेलं. मेरीचं उत्तर हाती पडताच सांकेतिक लिपी सोडवणाऱ्या फेलिप्सनं त्यावर फासाचं चित्र काढलं, आणि खाली मेरीच्या नावानं चार ओळी जास्त घातल्या: राणीला मारणार आहेत ते सहा गृहस्थ कोण, त्यांची नावंही कळवा. एवढी मेहनत कशाला, असं वाटतं. या मंडळींनी स्वतःचं सामूहिक चित्रही काढून घेतलं होतं, पुढे देशाला आपण माहीत असावं म्हणून.

संगतीला मात्र जपा. विल्यम पॉलेट या म्हाताऱ्याच्या जवळपासही फिरकू नका. हेन्री, एडवर्ड, मेरी, एलिझाबेथ, चौघांच्या दरबारात मानाच्या जागा आणि वीसेक वर्षं खजिनदारी. कसं जमलं विचारल्यावर म्हणाला, मी ओकाचा नाही, विलोचा झालोय. महापुराची आणि लव्हाळ्यांची गोष्ट आपल्याला पाठ असते, पण ती वाचल्यावर सगळ्यांना झाडच व्हायचं असतं. मोरविरुद्ध शपथ घेणारा तो रिचर्ड रिचही तसलाच. एडवर्डचा लॉर्ड चॅन्सेलर, मग मेरीच्या राज्यात प्रोटेस्टंटांचा छळ करण्यात पुढे, मग एलिझाबेथच्या राज्यात शाळेचा संस्थापक. त्या शाळेत काय शिकवत असतील, कोण जाणे.

खटल्याची भीती नको, तो एका दिवसाचा असतो. नॉरफोकनं १६ जानेवारी १५७२ ला वेस्टमिन्स्टर हॉलमध्ये वकील मागितला. राजद्रोहाच्या आरोपीला वकील देत नाहीत, असं उत्तर आलं. निवाड्याला सव्वीस सरदार, सगळे त्याच्या जातीचे, आणि सगळ्यांचं एकमत. अध्यक्षस्थानी श्रूसबरीचा अर्ल, जो एरवी मेरीचा जेलर असे. त्यानं शिक्षा सुनावताना डोळ्यांत पाणी आणलं. त्यापुढे सगळं लांबलं ते राणीमुळे. वॉरंटवर सही करायची, मग रद्द करायचं, असं कितीदा तरी झालं.

२ जूनला टॉवर हिलवर जुना गुरू फॉक्स शेजारी उभा होता. भाषणात ड्यूकनं आपण कधीच पोपचे नव्हतो, हे ठासून सांगितलं आणि डोळ्यांवर बांधायचा रुमाल नको म्हणाला. तुम्ही भाषण कराल तेव्हा राणीची स्तुती विसरू नका, शिक्षा न्यायाची आहे म्हणा, आणि कुऱ्हाडवाल्याला बक्षिशी द्यायची असते, ती आधीच कुणाकडे तरी ठेवून द्या, कारण तुमची सगळी मालमत्ता तोवर जप्त झालेली असेल. मुलांची चिंता नको. नॉरफोकचा मुलगा फिलिप पुढे कॅथलिक झाला, परदेशी निसटताना पकडला गेला आणि १५९५ साली टॉवरमध्येच वारला.

नॉरफोकनंतर एलिझाबेथनं मरेपर्यंत नवा ड्यूक केलाच नाही. म्हणजे तिच्या राज्यात ड्यूकपद अजून रिकामं आहे. अर्ज करणार असाल तर मधल्या माणसाच्या हाती देऊ नका, सरळ सेसिलच्याच नावानं पाठवा. तसंही तुमची पत्रं आधी तोच वाचतो.