सबटायटलमध्ये न मावणारं केरळ

शेजारच्या चेची (मल्याळममध्ये थोरली बहीण) मूळच्या केरळातल्या कोळिकोडच्या. डोंबिवलीत तीस वर्षं काढलीत, मराठी फर्डं बोलतात. परवा त्यांच्याकडे 'सुडानी फ्रॉम नायजेरिया' (२०१८) हा मल्याळम सिनेमा पुन्हा पाहिला. मी सबटायटल वाचून हसायची, त्या माझ्या आधीच हसून मोकळ्या. एका ठिकाणी मला काहीच कळलं नाही आणि चेची पदराने डोळे पुसतायत. "अगं, आमच्याकडच्या म्हाताऱ्या अश्शाच बोलतात!"

मलप्पुरमचं सेव्हन्स (सात-सात खेळाडूंचं) फुटबॉल, जायबंदी झालेला नायजेरियन खेळाडू, आणि त्याची उस्तवार करणाऱ्या दोन म्हाताऱ्या. सावित्री श्रीधरन आणि सरसा बालुश्शेरी, दोघी कोळिकोडच्या नाटकवाल्या. त्यांची ती मलबारी बोली सबटायटलमध्ये सपाट इंग्रजी होऊन येते. आपण "काय रिअल सिनेमा आहे!" म्हणतो तेव्हा निम्मा ऐकलेलाच नसतो.

मुंडूचंही (तिकडचे पुरुष कमरेला गुंडाळतात ते लुंगीसारखं वस्त्र) तसंच. गुडघ्यापर्यंत दुमडलेला मुंडू वडीलधारं माणूस समोर आलं की खाली सोडायचा. नाही सोडला तर ती गुर्मी. भांडणाआधी कोण मुंडू वर खोचतोय, कोण सोडतोय, यावरून चेचींना पुढचं कळतं. मी आपली खाली अक्षरं वाचत बसलेली.

आपल्याकडे गावाकडची बोली बरेचदा विनोदापुरती येते, असं मी तावातावाने म्हटलं. ('सैराट' वगैरे आहेत, माहितीये.) तर चेची म्हणाल्या, "आमच्याकडे वेगळं होतं का? तिरुवनंतपुरमची बोली म्हणजे कॉमेडी. सुराज वेंजारमूड त्यावरच तर गाजला!"

तोच सुराज 'द ग्रेट इंडियन किचन'मध्ये (२०२१) नवरा आहे. सिंकचा पाइप गळतो, बायको प्लंबरला बोलवा म्हणून सांगत राहते, हा विसरतो. सासऱ्यांना भात चुलीवरचाच हवा, चटणी पाट्यावरचीच. कॅमेरा त्या खरकट्यावरून हलतच नाही. त्याच मल्याळम इंडस्ट्रीत बायकांना काय सोसावं लागतं, हे २०२४ मध्ये हेमा समितीच्या अहवालातून बाहेर आलं, तेव्हा या इंडस्ट्रीला उगाच देव्हाऱ्यात बसवायला नको. पण हा सिनेमा मी आईबरोबर पाहिला होता. तिला इंग्रजी वाचता येत नाही. सबटायटल काय म्हणतंय, असं तिने एकदाही विचारलं नाही. सिंकखालची घाण पाण्याची बादली दिसली तेव्हा फक्त म्हणाली, "आमच्याकडे पातेलं होतं. चार वर्षं."