विजयदुर्ग, हेलियम आणि ‘बाईंनी’: एका प्रतिक्रियेला उत्तर

‘हेलियम विजयदुर्गावर सापडलेला नाही’ या माझ्या लेखावर परवा रात्री एक भलीमोठी प्रतिक्रिया आली. नावाच्या जागी नुसतं ‘कोकणपुत्र’. तिच्यातलं एक वाक्य आधी जसंच्या तसं देते: ‘घरात बसून इंग्रजी पुस्तकं चाळणाऱ्या बाईंनी कोकणच्या अभिमानाला हात घालू नये, आधी विजयदुर्गाची पायरी चढून यावी.’

एकोणतीस वर्षं रसायनशास्त्र शिकवलं, मुलं मला ‘बाई’च म्हणत. त्या शब्दाचा मला कधी राग आला नाही. पण तुमच्या ‘बाईंनी’चा सूर वेगळा आहे. तो कळायला भाषाशास्त्र लागत नाही.

आता पायरीचं. माझं आजोळ गिर्ये. मे महिन्यात आम्ही मामेभावंडं चालत किल्ल्यावर जायचो. साहेबाच्या कट्ट्यावर बसून करवंदं खायची, बिया कोण लांब थुंकतो याची पैज लावायची. तिथेच आजोबांनी सांगितलं होतं, ‘हयसर सायबान दुर्बीण लावल्यान नि सूर्यातलो वायू पकडल्यान.’ तुम्ही ज्या गोष्टीसाठी माझ्यावर धावून आलात, ती मी आठव्या वर्षी ऐकली, खरी मानली आणि पुढे वर्गातही सांगितली. एकदा-दोनदा नाही, सतरा वर्षं. ‘हेलियम आपल्या कोकणात सापडला’ म्हटलं की मागच्या बाकावरची पोरंही मान वर करत. ती गोष्ट खोडताना मला आनंद झाला, असं तुम्हाला खरंच वाटतं?

खोडावी लागली, कारण तारखा जुळत नाहीत. १८ ऑगस्ट १८६८ला, श्रावणातल्या अमावास्येला, खग्रास ग्रहण झालं हे खरं. त्याचा पट्टा आपल्याच किनाऱ्यावरून पुढे जमखंडी, विजापूर, गुंटूर असा गेला हेही खरं. पटवर्धनांच्या जमखंडीत लेफ्टनंट जॉन हर्शेल होते, गुंटूरला फ्रान्सहून आलेले खगोलशास्त्रज्ञ जॅन्सेन. गोष्टीतले ‘साहेब’, म्हणजे नॉर्मन लॉकियर, मात्र इंग्लंडमध्ये होते, तिथल्या युद्धखात्यात कारकुनी करत. त्यांनी सूर्याच्या कडेवरच्या ज्वाला वर्णपटात (प्रकाशातले रंग सुटे करून दाखवणाऱ्या पट्ट्यात) पकडल्या त्या २० ऑक्टोबरला, ग्रहण नसताना, लंडनमधून. (आणि वेधासाठी जागा निवडायची मुभा असती, तर भर पावसात कोकणात कोण आलं असतं? हे मी कोकणातली म्हणूनच विचारते.)

त्या वर्णपटातली, सोडियमच्या जोडरेषांच्या शेजारी, पण त्यांच्यावर न बसणारी एक पिवळी रेषा, डी-३, पृथ्वीवरच्या कुठल्याच माहीत मूलद्रव्याशी जुळेना. लॉकियरनी ती नव्या मूलद्रव्याची मानली. सूर्याला ग्रीकमध्ये हेलिओस, त्यावरून हेलियम. शेवटचा ‘-इयम’ही बोलका आहे, सोडियम, कॅल्शियम या धातूंसारखा. नाव पडलं तेव्हा हा वायू आहे हे कुणाला ठाऊकच नव्हतं. म्हणून निऑन, अरगॉनच्या पंगतीत हेलियम आजही आडनाव चुकल्यासारखा बसलेला असतो.

मग कट्टा कुठून आला? तोही खरा आहे, तीस वर्षांनंतरचा. २२ जानेवारी १८९८च्या, पौष अमावास्येच्या ग्रहणाला लॉकियर विजयदुर्गावर आले. तेव्हा ते एकसष्ट वर्षांचे होते, ‘सर’ झालेले. सोबत उपकरणं होती आणि ‘मेल्पोमिनी’ या आरमारी जहाजावरचे खलाशी मदतीला होते. त्याच दिवशी पुण्याचे खगोलशास्त्रज्ञ नायगमवाला सोलापूरकडे जेऊरला दुर्बिणी लावून बसले होते. आरमारी किल्ला, कोरडं आभाळ, सूर्याचा एवढा मोठा अभ्यासक आपल्या दारात. एवढं पुरत नाही का? दोन ग्रहणं लोकांच्या आठवणीत एकमेकांवर सरकली, इतकंच झालं. दरवर्षी १८ ऑगस्टला किल्ल्यावर हेलियम दिन साजरा होतो, त्याला माझी हरकत नाही. तिथे जाऊन मुलांना वर्णपट दाखवायला मी आनंदाने येईन. फक्त फलकावर तारीख बरोबर लिहा.

‘अभिमानाला हात घालू नये’ म्हणताना तुम्ही एकही कागद पुढे केलेला नाही. मी दिलेल्या तारखांपैकी एकही खोटी म्हटलेली नाही. नुसतं मला घरात बसवलंत. गुडघ्यांमुळे हल्ली बसतेच मी घरात. त्याने लॉकियर १८६८ साली बोटीत चढत नाहीत.

तुमची एक दुरुस्ती मात्र शंभर टक्के बरोबर आहे आणि ती मान्य करायला मला कमीपणा वाटत नाही. रसायनशास्त्रज्ञ रॅमसेंनी क्लेव्हाइट या युरेनियमच्या खनिजातून हेलियम मिळवला तो १८९५मध्ये. माझ्या लेखात १८९८ पडलं होतं. त्या वर्षी त्यांना निऑन, क्रिप्टॉन आणि झेनॉन सापडले, शिवाय ग्रहणाचं सालही तेच, त्यात बोट घसरलं. आभार.

राहिले तुमचे उरलेले मुद्दे. जॅन्सेननी गुंटूरहून कळवलं ते ज्वालांबद्दल, ‘हे नवं मूलद्रव्य’ असं ते म्हणालेच नाहीत, त्यामुळे ‘शोध गुंटूरचा’ हे माझं विधानही विजयदुर्गाइतकंच कच्चं आहे, असं तुम्ही लिहिता. शिवाय मच्छलीपट्टणमला मद्रास वेधशाळेचे पॉगसन होते, त्यांना मी गाळलं. ठीक. शोधाचं श्रेय नक्की कुणाचं ही लांबलचक कथा आहे आणि माझा लेख तिच्यावर नव्हता. सगळ्यांनाच घ्यायचं तर लेखाची वही झाली असती. फ्रेंच सरकारने जॅन्सेन आणि लॉकियर दोघांचे चेहरे एकाच पदकावर कोरले, मलाही तेवढ्यावर भागवता येतं. ‘इतके बारीक तपशील कोण वाचतं’ या वाक्याला उत्तर देत नाही. तुम्ही वाचलेत.

१८९८चं १८९५ आज सकाळी केलं आहे. बाकी लेख आहे तसा राहील. पुढच्या वेळी खाली नाव लिहा. गिर्ये-विजयदुर्गाकडचे असाल तर बहुधा तुमच्या घरचे माझ्या मामांना ओळखत असतील.