म्हणे माळ रिकामा होता

सकाळपासून डोकं उठलंय, त्यामुळं पोस्ट लांबणार. वेळ नसेल त्यांनी पुढं सरकावं.

गावाकडच्या गायरानावर जेसीबी फिरलाय. बालाघाटाच्या अंगावरचा आमचा माळ, वर बोटभर माती, खाली मुरूम, त्याखाली काळा खडक. तिथं ओळीनं खड्डे, खड्ड्यांत उंदीरमारीची, म्हणजे ग्लिरिसिडिया नावाच्या झाडाची रोपं, शेजारी मंडप, बॅनर, नारळ, आणि एकाच रोपाला सगळ्यांचे हात लागलेला फोटो. कुणी केलं ते लिहीत नाही. ओळखीचेच लोक आहेत अन् मनानं वाईट नाहीत. मी विचारलं, इथंच कशाला? तर म्हणे, "रिकामाच पडला होता की माळ!"

टायरच्या चाकोरीत विष्णुक्रांता मुरमासकट उलथून पडली होती. वर पाच-सहा निळी फुलं अजून उघडीच.

बऱ्याच जणांनी ही पाहिली नसणार, कारण उकिडवं बसल्याशिवाय ती दिसतच नाही. लाकडासारख्या टणक मुळापासून तारेसारख्या बारीक फांद्या चहूबाजूंनी जमिनीलगत पसरतात. पानांवर पांढरी रेशमी लव. पानाच्या बेचक्यातून वर आलेलं फूल शर्टाच्या गुंडीएवढं. पाकळ्या सुट्या नाहीत, पाची जुळून एक गोल ताटली, मधोमध पांढरा ठिपका. रंग असा की मोबाईलमध्ये कधी नीट येत नाही, माझ्याकडचे सगळे फोटो जांभळे आलेत.

मला ही मामानं दाखवली. शाळेला सुट्टी असली की मी त्याच्या शेळ्यांमागं असायचो. मामाकडं घड्याळ नव्हतं. ऊन चढलं की तो पायाशी बघायचा अन् म्हणायचा, "निळी मिटायली, चला पाण्यावर." सकाळी उघडलेलं फूल दुपारपर्यंत मिटतं, दुसऱ्या दिवशी त्याच फांदीवर दुसरं. आभाळ आलं की हिशोब चुकायचा, मग मामा फुलालाच शिव्या घालायचा.

आपण साताऱ्याला कास पठारावर बुकिंग करून, पैसे भरून फुलं बघायला जातो. २०१२ पासून ते जागतिक वारसा आहे. मीही जाऊन आलो, देखणंच आहे. तिथं जाऊन कुणी म्हणेल का, हे पठार रिकामं दिसतंय, घ्या खड्डे? मराठवाड्यातलं फूल मात्र कुणाच्या खिजगणतीत नाही. आणि गंमत बघा, परीक्षा आली की हीच मंडळी लेकरांना शंखपुष्पीचं सिरप पाजतात. शंखपुष्पी म्हणून ज्या दोन-चार वनस्पती वापरतात त्यांत हिचंही नाव आहे. बाटलीतली चालते, माळावरची खुपते!

बरं, एका फुलापुरतं असतं तर गप्प बसलो असतो. पवना, मारवेल, कुसळी, या गवतांच्या मुळ्यांनी ती बोटभर माती धरून ठेवलीय. पावसाचं पाणी त्या गवतातून रमतगमत जातं अन् मुरमात जिरतं. मुरूम उपसून ढीग घातले की एका जोराच्या सरीत माती थेट नाल्यात. खालच्या विहिरी कुणाच्या? आपल्याच ना? चंडोल गवताच्या बुडाशी अंडी घालतो, धाविक तर उघड्या जमिनीवरच. विष्णुक्रांतेसारखी बारकी झाडं भर उन्हात वाढणारी, डोक्यावर दाट सावली आली की संपली. त्यांना उन्हातनं सोडवायला कुणी सांगितलं होतं?

झाडं हवीत, मान्य. लातूरला २०१६ मध्ये रेल्वेनं पाणी आणावं लागलं, ते दिवस मी विसरलेलो नाही. आपल्याकडं जंगल नावालाच आहे. उंदीरमारीचा पाला खताला चांगला, तेही खरं. पण ती मध्य अमेरिकेतली, भराभर वाढते, फोटोत हिरवीगार दिसते, म्हणून तिचा एवढा लाड. २०१९ ला राज्याचं ३३ कोटी झाडांचं उद्दिष्ट होतं. एवढे खड्डे घ्यायला जागा कुठनं आणणार? जिथं कुणी भांडायला येत नाही तिथनंच. बांधावर लावा की. शाळेत लावा. रस्ते रुंद करताना वड, लिंब पाडले, तिथं लावा, पाणी घालायला मी येतो.

दुपारी मामाला फोन केला. शेळ्या कधीच विकल्यात, गुडघे गेलेत. मी आपलं फुलाचं सांगत होतो. सगळं ऐकून घेतलं अन् म्हणाला, "मग आता लोकांनी जित्राबं कुठं चारायची?" माझ्या तर हे डोक्यातही आलं नव्हतं. गायरान आहे ते! राग थोडा उतरला होता, तो परत चढला.

येत्या ग्रामसभेत हा विषय काढणार आहे. अर्धा माळ अजून शाबूत आहे, तेवढा तरी सोडा, एवढंच मागणं. गावातले जे कुणी हे वाचत असाल त्यांनी या, नुसता लाईक नको. आणि मला विकासविरोधी म्हणणाऱ्यांनी कमेंटमध्ये खुशाल भांडा, फक्त आधी एकदा सकाळी दहाच्या आत माळावर जाऊन या. दुपारी जाल तर एक फूल दिसणार नाही, अन् वर मलाच ऐकवाल, बघ, रिकामाच आहे.