क्लोनवरही गाड्या फ्लॅश होतात, मग वाद कशाला?

नमस्कार दादा,

तुमचं म्हणणं थोडक्यात असं: परवान्याचं सॉफ्टवेअर म्हणजे लूट, घोडबंदर रोडच्या तुमच्या गॅरेजात क्लोनवर, म्हणजे मूळ टूलच्या नकली प्रतीवर, गाड्या बिनबोभाट फ्लॅश होतात (गाडीच्या कॉम्प्युटरमधलं सॉफ्टवेअर नव्यानं भरलं जातं), आणि मी उगाच बाऊ करतो. पैशांचं दुखणं कळतं हो. वार्षिक सबस्क्रिप्शन आणि वागळे इस्टेटमधल्या गाळ्याचं भाडं एकाच महिन्यात आलं की डोळे पांढरे होतात.

पण माझा मुद्दा किमतीचा नव्हताच. लिहिण्याआधी टूल काय तपासतं, हा होता. ईसीएममध्ये, म्हणजे इंजिनच्या कॉम्प्युटरमध्ये, फाइल जाताना आधी जुनं पुसलं जातं, मग नवं भरतं. मधेच व्होल्टेज पडलं तर तेलही गेलं, तूपही गेलं. चांगलं सॉफ्टवेअर आधी व्होल्टेज बघतं, हार्डवेअर आणि सॉफ्टवेअर नंबर जुळवतं, चेकसम (फाइल बिघडलेली नाही ना, याचा पडताळा) तपासतं, मगच पुढे जातं. क्लोन मात्र नेट बंद ठेवून चालवायचं, नाहीतर सर्व्हर ते ओळखून लॉक करतो. मग नव्या ईसीएमचे अपडेट येणार कुठून? आणि टूल कुठलंही असो, साध्या बॅटरी चार्जरवर भरवसा नको. साडेतेरा व्होल्टच्या आसपास स्थिर व्होल्टेज देणारा सप्लाय लावा, हेडलाइट आणि ब्लोअर बंद ठेवा.

‘पुष्कळदा फ्लॅशची गरजच नसते’ हे तुमचं मात्र सोळा आणे खरं. पावसात पाणी शिरलेली गाडी आली, स्कॅनर बोलत नाही, की लगेच ईसीएम खोलतात. अहो, आधी ओबीडी सॉकेटच्या (स्कॅनर जोडतो त्या सॉकेटच्या) १६ नंबर पिनला पॉवर आणि ४-५ ला ग्राउंड आहे का बघा. मग बॅटरी काढून ६ आणि १४ मध्ये मल्टिमीटर लावा. साधारण ६० ओहम आले तर कॅनची लाइन (गाडीतले कॉम्प्युटर एकमेकांशी बोलतात ती वायरींची जोडी) बहुधा धड आहे. १२० आले तर एका टोकाचा रेझिस्टर तुटलाय. शून्याजवळ आले तर दोन्ही वायरी एकमेकींना भिडल्यात. यात कसलं सॉफ्टवेअर?

कुर्ल्याहून जुनी ईसीएम आणून लावली की झालं, हे नाही पटत. इमोबिलायझर (चोरी रोखणारी, किल्ली ओळखणारी यंत्रणा) जुळला नाही तर गाडी चालू होऊन लगेच बंद पडते, किंवा मुळीच चालू होत नाही. मूळ ईसीएमचा पूर्ण रीड, म्हणजे आतल्या डेटाची प्रत, आधीच काढून ठेवला असेल, तर तो डेटा नवीत भरता येतो. म्हणून मी गाडीच्या नंबरानं फोल्डर केल्याशिवाय ‘राइट’ला हात लावत नाही.

शेवटी एअरबॅग मॉड्यूलचं विचारलंत. क्रॅश डेटा पुसला की मॉड्यूलमधली अपघाताची नोंद जाते, पण फुटलेली बॅग आणि पट्ट्याचा प्रीटेन्शनर (धडकेच्या वेळी पट्टा आवळणारा भाग) त्यानं बदलत नाही. दोन्ही नवे बसल्याचं बिल दिसल्याशिवाय मी ते काम घेत नाही, गिऱ्हाईक गेलं तरी चालेल.